वचनं सांगणारा बिल्दद

ऊस देश, ईयोबाच्या वस्तीबाहेर
लोकर कातरून झाल्यानंतरची पहिली चंद्रकोर

अक्का,

पोचलो. वाटेत उंटाने पाडलं, कंबर धरली आहे, पण ते रडगाणं लिहिण्यात कातडं वाया घालवत नाही.

ईयोबाला मी ओळखलं नाही. तू म्हणशील, असं कसं, लहानपणापासूनचा मित्र. पण खरंच नाही ओळखलं. वस्तीबाहेर चुलींची राख टाकतात तिथे एक माणूस बसला होता. अंगभर फोड, हातात फुटक्या मडक्याची खापरी, आणि त्या खापरीने तो अंग खरवडत होता. मी त्यालाच विचारणार होतो, की बाबा, ईयोबाचा तंबू कुठे आहे. तेवढ्यात अलीफज रडायला लागला. तेमानचा अलीफज, बाप गेला तेव्हाही ज्याच्या डोळ्यांत पाणी दिसलं नाही, तो हुंदके देत होता. तेव्हा मला कळलं, की हाच तो.

तांडेवाल्यांनी सांगितलं ते सगळं खरं आहे. बैल आणि गाढवं लुटारूंनी नेली, उंट दुसऱ्या टोळीने पळवले, मेंढरं आभाळातून पडलेल्या आगीत गेली. आणि मुलं. सगळी, दहाच्या दहा, थोरल्याच्या घरी जेवायला जमली होती. वाळवंटाकडून वारा आला आणि घर त्यांच्यावर बसलं. एकही वाचलं नाही.

आम्ही तिघांनी अंगरखे फाडले, डोक्यात माती घातली आणि त्याच्याजवळ बसलो. अलीफज, मी आणि नामाथचा सोफर. रीत तुला ठाऊक आहेच. दुःखातला माणूस तोंड उघडेपर्यंत आलेल्याने बोलायचं नाही, आणि तो ‘जा’ म्हणेपर्यंत उठायचं नाही. आठवडा होत आला, ईयोबाने तोंड उघडलेलं नाही. हे पत्रसुद्धा मी त्यांच्याकडे पाठ फिरवून चोरून लिहितो आहे. सोफर बसल्या बसल्या झोपतो आणि घोरतो. घोरणं हे बोलणं धरायचं की नाही, हे आबा असते तर त्यांना विचारलं असतं.

ज्या दिवशी ईयोब पहिल्यांदा बोलेल त्याच दिवशी, सूर्य मावळायच्या आत, वाडवडिलांची वचनं त्याला ऐकवायची. ते काम माझं. आबांच्या मागे ते आपल्या घरात माझ्याकडे आलं आणि एवढ्या मोठ्या घरी सांगायची ही माझी पहिलीच वेळ. मनातल्या मनात घोकतो आहे. काळजी करू नकोस, आबांचं नाव खाली जाऊ देणार नाही.

माझ्या ऊझलला सांग, शेळ्या ओढ्याच्या पात्रात उतरवू नकोस म्हणावं. आभाळ कोरडं असलं तरी नको.

तुझा
बिल्दद


शूह
चंद्र अर्धा झाल्यावर

बिल्दद, माझ्या शहाण्या भावा,

तुझं पत्र आणणाऱ्या तांडेवाल्याला मी ताक पाजलं, भाकरी वाढली आणि तुझ्याबद्दल विचारलं. तो म्हणाला, ‘तिघं बसलेत, मधला सारखा ओठ हलवतो.’ तो मधला तूच हे मी लगेच ओळखलं.

ईयोबाची हकिकत वाचली. त्याची थोरली मुलगी रीनत इथे आली होती तेव्हा माझ्याकडून चटया विणायला शिकली होती. अर्धवट टाकून गेली, म्हणाली, पुढच्या वेळी पुरी करते. ती चटई अजून तशीच खुंटीला आहे.

तुला उपदेश करण्याइतकी मी विद्वान नाही, पण मोठी आहे, म्हणून ऐक. त्याच्या डोक्यावर सावली धरा. तरटाचा एखादा आडोसा करा, त्याला परवानगी लागत नाही. फोडांना उंटाच्या दुधाची साय लावतात, ती त्याच्या बायकोला माहीत असेल, पण त्या माउलीला आता काही सुचत असेल का? तिच्याकडेही कुणी बघा. तिचीही मुलं होती ती. तुम्ही तिघं पुरुष जाऊन त्याच्याभोवती कोंडाळं करून बसला असाल आणि ती बिचारी एकटी चुलीपाशी.

आणि बोलायची घाई करू नकोस. वचनं तुला सगळी पाठ आहेत हे माहीत आहे मला, तुझ्याबरोबर मीही ती ऐकूनच मोठी झाले. पण सगळी पाठ आहेत म्हणून सगळी म्हणायलाच हवीत असं नाही. माझा सहा वर्षांचा शेलह गेला तेव्हा ईयोब आपल्याकडे आला होता. तो माझ्याशी काय बोलला ते मला आठवत नाही. बहुतेक काहीच बोलला नव्हता.

ऊझलला सांगितलं. तो म्हणतो, ‘आत्या, पाऊस नाही, पाणी नाही, ओढ्यात मला काय होणार आहे?’ मी त्याला कानाला धरून वरच्या उताराला पाठवलं.

तुझी
तिम्ना


ऊस
पौर्णिमा उलटून गेल्यावर

अक्का,

ईयोब बोलला! आणि काय बोलला! तो जन्मला त्या दिवसालाच त्याने शिव्या घातल्या. तो दिवस उजाडायलाच नको होता, आईच्या पोटातच संपलो असतो तर सुटलो असतो, असं बरंच काही. ज्या माणसाच्या घरातून कुणी उपाशी गेलं नाही, त्याच्या तोंडी हे!

मोठा म्हणून आधी अलीफज बोलला. चांगलं बोलला, मऊ बोलला, पण फार गोल गोल. ईयोब त्याच्यावर उसळला. ‘माझं काय चुकलं ते सांगा,’ म्हणाला, ‘नाव घेऊन सांगा. नुसतं हं हं करू नका.’

सूर्य खाली चालला होता. मी उभा राहिलो. आबा उभे राहायचे तसा, डावा हात छातीवर ठेवून. तुला शब्दन् शब्द लिहितो, म्हणजे तुला कळेल मी कसं केलं.

‘ईयोबा, देव वाकडा न्याय करत नाही. आपल्या वाडवडिलांनी हेच पाहिलं आणि हेच सांगून ठेवलं. तुझी पोरं गेली, म्हणजे त्यांच्या हातून तसं काही घडलंच असणार. ती आपल्या करणीने गेली. पण तू अजून आहेस. तू सरळ राहा, त्याच्याकडे हात पसर, तो तुला पुन्हा उभं करेल.’

अक्का, आबांनी म्हटलं असतं तसंच सगळं जमून आलं. एक शब्द मागेपुढे झाला नाही. सोफरसुद्धा जागा राहिला.

आणि याचं फळ काय, तर मी मसुरात बुडवलेला भाकरीचा घास त्याच्या तोंडाशी नेला, कारण वचनं सांगणाऱ्याच्या हातचा पहिला घास घ्यायचा असतो, आणि ईयोबाने तोंड फिरवलं. माझ्याकडे पाठ करून बसला. घास शेवटी कुत्र्याने खाल्ला. सगळ्यांसमोर! त्याची बायको पाणी घेऊन आली होती, तिने ऐकलं होतं सगळं. ती म्हणाली, ‘भावजी, घर पडलं तेव्हा माझी पोरं जेवत होती. जेवणं हे पाप कधीपासून झालं?’ आई आहे, दुःखात आहे, तिच्या बोलण्याचा राग काय धरायचा.

तुझ्या सांगण्यावरून आडोसा केला आहे. साय लावली, तिने जळजळ वाढली असं तो म्हणतो.

मी कसा बोललो ते कळव. इथे कुणी चांगलं म्हणायला नाही.

तुझा
बिल्दद


शूह
अमावास्येच्या आधी

बिल्दद,

पत्र मिळालं. काळी सांडणी व्याली, पिल्लू मादी आहे. पूर्वेकडच्या विहिरीचा दोर बदलला. ऊझल बरा आहे.

तिम्ना


ऊस
नवा चंद्र दिसल्यावर

अक्का,

तुझं पत्र आलं. पत्र म्हणायचं म्हणून म्हणतो. सांडणी व्याली हे कळलं, आनंद झाला. पण मी तुला एवढं लिहिलं, त्यावर एक ओळ नाही? वचनं आवडली नाहीत का? की मी काही विसरलो? तुला सगळी पाठ आहेत, काही राहिलं असेल तर सांग, मी सुधारेन.

इथलं वातावरण बिघडलं आहे. ईयोब गप्प बसायचं नाव घेत नाही. देवालाच समोर बोलावतो, म्हणतो, येऊ दे, मी माझी बाजू मांडतो. सोफर त्याच्यावर ओरडला. अलीफजचा मऊपणा संपला. मग माझाही तोल गेला आणि मी पुन्हा उभा राहिलो. वाईट माणसाचं काय होतं ते सांगितलं. त्याच्या तंबूतला दिवा विझतो, त्याच्या मागे कुणी उरत नाही, वस्तीत त्याचं नावही कुणी घेत नाही. मी नाव घेतलं नाही, पण सगळ्यांना कळलं कुणाबद्दल बोलतो आहे. ईयोब नुसता माझ्याकडे बघत राहिला आणि म्हणाला, ‘बिल्दद, तू माझ्याशी बोलतोयस, की माझ्या मागे कुणी उभं आहे त्याच्याशी?’

मी त्याच्या मागे बघितलं. कुणी नव्हतं.

तुला म्हणून सांगतो, इतर कुणाला सांगणार नाही. मला हल्ली जेवण जात नाही. हा माणूस म्हणतो की त्याने काही केलं नाही, त्याच्या मुलांनी काही केलं नाही. समज, हे खरं आहे. मग माझ्या ऊझलचं काय? मग कुणाच्याच मुलाला काही कारण लागत नाही. मग मी घरी येऊन त्याला काय सांगू, कसं वागलास म्हणजे तुला काही होणार नाही? म्हणून कारण असायलाच हवं, अक्का. ईयोब लपवतो आहे. त्याने एकदा कबूल केलं की सगळं सरळ होईल.

तू मात्र लिही. सांडणीबद्दल नको.

बिल्दद


शूह
नव्या चंद्राचा आठवडा

बिल्दद,

सांडणीबद्दलच लिहिते. ऐक.

माझा शेलह ओढ्यात गेला तेव्हा तू तेमाच्या तांड्याबरोबर गेला होतास. परत आलास तेव्हा त्याला पुरून बरेच दिवस झाले होते आणि तुला कुणी फार सांगितलं नाही, मीही नाही. आता सांगते. वरच्या डोंगरात कुठेतरी पाऊस पडला होता, इथे थेंब नव्हता. पोरगं चुलीसाठी झुडपांची मुळं उपटायला पात्रात उतरलं होतं. पाण्याचा लोंढा आला आणि घेऊन गेला. एवढंच. यात कुणाची काही करणी नव्हती. चूल पेटवायला मीच त्याला पाठवलं होतं.

ईयोब ऊसहून निघून आला आणि माझ्या तंबूच्या दारात बसला. मी बरेच दिवस बोलले नाही. मग एके दिवशी मला तहान लागली आणि मी पाणी मागितलं. पहिला शब्द. तेवढ्याने आबा उठले. रीतच होती ती. डावा हात छातीवर ठेवला. मी आतून बघत होते. तू आता लिहिलंस ना शब्दन् शब्द, तेच ते सांगणार होते. तेच, बिल्दद. माझ्या सहा वर्षांच्या पोराबद्दल. त्याच्या हातून तसं काही घडलंच असणार.

ईयोब उठून आबांच्या आणि तंबूच्या मध्ये उभा राहिला. म्हणाला, ‘आबा, माझी सांडणी सकाळपासून लंगडतेय. तुमच्याइतकं उंटांतलं कुणाला कळत नाही. जरा बघता का?’ आबा म्हणाले, नंतर. ईयोब म्हणाला, नंतर ती बसली की उठायची नाही. आणि त्याने आबांचा हात धरला आणि घेऊनच गेला. तंबूच्या कापडाच्या आतून मला सगळं ऐकू येत होतं. त्याने आबांना तिचा एकेक पाय दाखवला. मग खूर. मग दात. मग तिच्या आजीची गोष्ट सांगितली. मग तेमानमध्ये उंट स्वस्त का झाले ते. सूर्य गेला तेव्हा आबा परत आले, चिडलेले, आणि म्हणाले, ‘उंट ठणठणीत आहे! सगळा दिवस वाया घालवला मेल्याने!’

आणि दिवस गेला, म्हणून वचनं राहिली. शेलहबद्दल मला ती कधी ऐकावी लागली नाहीत. इतकी वर्षं. तू लिहून पाठवेपर्यंत.

तू मला विचारतोस, कसा बोललास. छान बोललास. आबांसारखाच बोललास. ईयोबाने जे माझ्या दारातून परत पाठवलं ते तू त्याच्या तोंडावर फेकलंस, आणि वर मला विचारलंस, आवडलं का.

ऊझलबद्दल तुला भीती वाटते हे मला कळतं. मला कळणार नाही तर कुणाला कळणार? पण तुझी भीती घालवायला त्या माणसाच्या मेलेल्या पोरांना वाईट ठरवू नकोस. त्यांना आता उत्तरही देता येत नाही.

आता मला काही दिवस लिहू नकोस. मला तुझा राग आला आहे, आणि तो खराखुरा राग आहे, नुसता रुसवा नाही.

तिम्ना


ऊस
तोच चंद्र, भरत आलेला

अक्का,

तू नको म्हणालीस तरी लिहितो आहे. पाठवायचं की नाही ते नंतर ठरवेन.

तुझं पत्र मी राखेच्या ढिगाशी बसून वाचलं. ईयोब दोन हातांच्या अंतरावर बसला होता. वाचून झालं आणि मला मान वर करता येईना.

आज पुन्हा माझी पाळी आली. अलीफज बोलून थांबला होता आणि सगळे माझ्याकडे बघत होते. मी उभा राहिलो. देव मोठा आहे, म्हणालो. त्याच्यापुढे कुणी शुद्ध नाही, चंद्रसुद्धा नाही. मग पुढचं वचन आठवेना. म्हणजे आठवत होतं, सगळं ओळीने आठवत होतं, पण तोंडातून येईना. मी खाली बसलो. सोफर म्हणाला, ‘झालं? एवढंच?’ मी म्हणालो, एवढंच. त्यानंतर सोफरही उठला नाही.

मला घरी यायचं आहे, पण ईयोबाने अजून ‘जा’ म्हटलेलं नाही आणि मला विचारायचं धैर्य नाही. पूर्वेकडे आभाळ पिवळं झालं आहे. उंट बसायला तयार नाहीत. वारा येणार.

बिल्दद


ऊस
वादळानंतर

अक्का,

हे पत्र तांड्याबरोबर पाठवतो आहे, आणि आधीचंही याच्याच आत गुंडाळलं आहे. तुला वाचायचं नसेल तर दोन्ही चुलीत घाल, पण मला लिहायचं आहे.

वादळ आलं. आम्ही तोंडावर कापड ओढून पालथे पडलो. ईयोब तेवढा बसून राहिला, वाऱ्याकडे तोंड करून. वारा थांबला तेव्हा तो रडत होता, पण चेहरा निवांत होता. तो म्हणतो, देव बोलला. अलीफज म्हणतो, त्यानेही ऐकलं. मी खरं सांगतो, मला फक्त वारा ऐकू आला. वाडवडिलांची वचनं सांगणारा मी, आणि मला वारा ऐकू आला.

अलीफजचा चेहरा पांढरा पडला होता. म्हणाला, ‘देवाचा राग आपल्यावर आहे. आपल्या तिघांवर. आपण त्याच्याबद्दल जे बोललो ते खरं नव्हतं, ईयोब बोलला ते खरं होतं. बैल आणि मेंढे घेऊन ईयोबाकडे जायचं, आणि ईयोबाने आपल्यासाठी प्रार्थना केली तरच आपण वाचू.’

ईयोबाने! ज्याला आम्ही एवढं बोललो त्याने!

जनावरं आणली. बळी दिले. ईयोब राखेतून उठून आला होता, काठी टेकत. अलीफज पुढे झाला, ईयोबाने त्याच्या डोक्यावर हात ठेवला आणि प्रार्थना केली. सोफर पुढे झाला, त्याच्यासाठीही केली. मग मी गुडघे टेकले.

ईयोबाने हात ठेवला आणि थांबला. तो हात नुसता माझ्या डोक्यावर होता. मला वाटलं, संपलं. आणि मला वाटलं, बरोबरच आहे.

मी खालूनच म्हणालो, ‘ईयोबा, नाही जमलं तर नको. मी रागावणार नाही. तिम्नाच्या दारात तू आबांना का घेऊन गेलास ते मला आता कळलंय.’

तो म्हणाला, ‘सांडणी थोडी लंगडत होती.’

मी म्हणालो, ‘आबा म्हणाले ठणठणीत होती.’

‘तुझ्या आबांना उंटांतलं कधीच कळत नव्हतं,’ ईयोब म्हणाला. मग म्हणाला, ‘जमत नाही असं नाही, बिल्दद. पण तू माझ्या पोरांबद्दल बोललास. सगळ्या जगात माझ्या पोरांबद्दल इतक्या लोकांसमोर बोलणारा तू एकटाच. आणि तू त्यांना ओळखत होतास. मग ती वचनं बोलताना तुला कोणतं पोर दिसत होतं?’

अक्का, बोलताना मला एकही दिसत नव्हतं. नुसती ‘पोरं’ होती.

‘आता बघ,’ तो म्हणाला. ‘बघ आणि मला सांग.’

मी गुडघ्यांवरच होतो. आधी मला थोरला आठवला, अमर्याह. एकदा मी इथे आलो असताना माझ्या खोगिराचा पट्टा त्याने मुद्दाम सैल केला होता. मी वस्तीभर लोकांसमोर आपटलो आणि तो पळून जाऊन खजुराच्या झाडावर बसला, संध्याकाळपर्यंत खाली आला नाही. ईयोब म्हणाला, ‘मला हे कुणी सांगितलंच नाही!’ मी म्हणालो, त्याने मला लाच दिली होती, पोळ्यातला मध. मग रीनत आठवली. तिने तुझ्याकडून अर्धी शिकलेली चटई इथे कुणालाच नीट जमली नाही म्हणून ती सगळ्यांना हसायची. मग धाकट्या दोघांचं भांडण, कुत्र्याचं पिल्लू कुणाचं त्यावरून, आणि पिल्लू मात्र कायम तिसऱ्याकडेच जायचं. मधल्या सिप्पाचं गाणं, जे तिला येत नव्हतं आणि जे ती थांबवत नव्हती. ईयोबाची बायको कधी येऊन बसली कळलं नाही. मी काही चुकवलं की ती सुधारायची. ‘कुत्रं नव्हतं ते, भावजी, कोकरू होतं.’ आणि एकदा ईयोब हसला. फोडांनी ओठ ताणले जात होते, तरी हसला. मग दोघंही रडले आणि मीही रडलो. सोफर तर आधीपासूनच रडत होता.

गुडघ्यांत मुंग्या आल्या होत्या, पण मी उठलो नाही. शेवटचं लेकरूही सांगून झालं तेव्हा ईयोबाने पुन्हा माझ्या डोक्यावर हात ठेवला. तो मोठ्याने बोलला नाही, माझ्याशीच बोलल्यासारखा बोलला.

‘देवा, माझी मुलं ओळखणारी माणसं आता फार उरलेली नाहीत. याला राहू दे.’

एवढीच प्रार्थना. मग त्याने मला हात देऊन उठवलं. मी विचारलं, आता जाऊ का? तो म्हणाला, ‘जा. पण ये.’

मी पुढच्या तांड्याबरोबर निघतो आहे. तुझा राग असेल तर असू दे. मी आलो की तंबूच्या दारात बसेन आणि तू बोलेपर्यंत बोलणार नाही.

तुझा
बिल्दद


शूह
पौर्णिमा उलटल्यावर

बिल्दद,

दोन्ही पत्रं वाचली. चुलीत घातली नाहीत.

राग आहे. थोडा कमी झाला आहे. तू आलास की दारात बसशील आणि मी बोलेपर्यंत बोलणार नाहीस म्हणतोस, तर ते नको. तसले गप्प बसणारे खूप झाले. शेलह गेल्यापासून या वस्तीत माझ्यासमोर त्याचं नाव कुणी घेतलेलं नाही. मला वाईट वाटेल म्हणून. तू त्याला खांद्यावर घेऊन विहिरीवर जायचास, तुझ्या दाढीला धरून तो उंट चालवायचा, हे मला आठवतं. पण तुम्ही दोघं विहिरीवर काय करायचात, काय बोलायचात, तो एवढा भिजून का यायचा, हे मला माहीत नाही. मी कधी विचारलं नाही, तू कधी सांगितलं नाहीस.

तू पोचलास की आधी पाय धू, भाकरी खा. मग माझ्याजवळ बस आणि सांग. मी रडेन. तू सांगत राहा.

तिम्ना